गंगाधरपंतांनी आणलेले पान



डॉ. जयंत विष्णू नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यात निवर्तले. त्यांच्या स्मरणार्थ बोलायचे तर त्यांच्या विश्वरचनाशास्त्राविषयी किंवा १९८८ साली त्यांनी उभ्या केलेल्या 'आयुका' या संशोधनसंस्थेविषयी बोलणे स्वाभाविक ठरले असते. मी मात्र त्यांनी कागदावर जन्माला घातलेल्या एका विद्वानाविषयी बोलायचे ठरवले आहे. हे विद्वान म्हणजे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे. 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेचे ते नायक. इतिहासाचे प्राध्यापक, भारताच्या इतिहासावरील पाच खंडांचे कर्ते, ९९९ सभांचे अध्यक्षस्थान भूषवलेले. आणि मराठी वाचकांच्या स्मरणात राहिले आहेत ते दुसऱ्या इतिहासात जाऊन परत आलेला माणूस म्हणून. त्यांचे चरित्र कथेत आहे तेवढेच. त्यात आपण भर घालू शकत नाही. पण त्यांनी मागे काय ठेवले याचा विचार आपल्याला करता येतो, आणि तो अजून पुरेसा झालेला नाही असे माझे मत आहे. पानिपत आपण जिंकलो असतो तर काय झाले असते, या हळहळीचे प्रतीक म्हणून गंगाधरपंतांकडे पाहण्याची आपल्याला सवय लागली आहे. त्यांचा खरा वारसा वेगळा आहे. काळाविषयी काहीही बोलायचे असेल, मग ते भूतकाळाविषयी असो, भविष्याविषयी असो की न घडलेल्या काळाविषयी असो, बोलणाऱ्याने हातात पुरावा घेऊन यावे, ही शिस्त म्हणजे त्यांचा वारसा. आजच्या व्याख्यानाचा विषय एवढाच आहे, आणि त्यावर जे आक्षेप येतात त्यांना उत्तर देत मी तो मांडणार आहे.

कथा थोडक्यात आठवू. युद्धांच्या इतिहासाला कॅटॅस्ट्रॉफी थिअरी लावता येईल का, या विचारात चाललेल्या गंगाधरपंतांना एका ट्रकची धडक बसते. त्यानंतर ते ज्या जगात वावरतात त्यात पुण्याहून मुंबईला जाणाऱ्या गाडीतून ब्रिटिश हद्दीत शिरावे लागते आणि मुंबईत ईस्ट इंडिया कंपनी अजून नांदते आहे. गाडीत भेटलेले खानसाहेब पुढे दिल्ली, लाहोर करत पेशावरला निघाले आहेत; त्या देशात फाळणी झालेलीच नाही. फोर्ट भागात जिथे आपला मुलगा नोकरीला असायला हवा तिथे त्या नावाचा कोणी नाही. अशा वेळी भांबावलेला माणूस पोलिसांकडे जाईल, डॉक्टरकडे जाईल किंवा देवळाच्या पायरीवर बसेल. गंगाधरपंत टाऊन हॉलमधल्या एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात जातात आणि इतिहासाचे पाच खंड मागवतात. पहिले चार खंड ओळखीचे निघतात. अशोकापासून औरंगजेबाच्या मृत्यूपर्यंत सगळे त्यांना ठाऊक असलेलेच आहे. बदल आहे तो पाचव्यात. मग ते पाचवा खंड दोन्ही टोकांकडून आतल्या दिशेने वाचत येतात, आणि ज्या पानावर दोन इतिहास वेगळे होतात तिथे येऊन थांबतात. ते पान पानिपतच्या लढाईचे असते, आणि त्या पानावर मराठे जिंकलेले असतात.

या दोन टोकांकडून वाचत येण्यावर मला क्षणभर थांबायचे आहे, कारण कथेतली सर्वांत मोलाची कृती ती आहे आणि चर्चेत ती नेहमी वगळली जाते. अद्भुताचा सामना झाल्यावर हा माणूस विस्मय करत बसत नाही, शोधक्षेत्र आवळत नेतो. जे सारखे आहे ते बाजूला काढतो, जे वेगळे आहे ते कुठून वेगळे झाले हे पाहतो. आणि जागा सापडल्यावरही तो समाधानी नाही. मराठे जिंकले हे खंडात लिहिलेले आहे, पण कसे जिंकले हे त्यात नीट आलेले नाही. म्हणून तो आणखी पुस्तके, नियतकालिके चाळत राहतो, आणि अखेर भाऊसाहेबांच्या बखरीत त्याला तीन ओळींचा मजकूर सापडतो. पेशव्यांचे पुत्र विश्वासराव यांना लागायची ती गोळी कानाजवळून निघून गेली, एवढाच त्याचा आशय. हीच बखर आपल्या जगात विश्वासराव गोळी लागून पडल्याचे सांगते. गंगाधरपंत ती नकळत खिशात घालतात, संध्याकाळी आझाद मैदानावरच्या सभेत जातात, अध्यक्षाची खुर्ची रिकामी पाहून अस्वस्थ होतात आणि व्यासपीठावर चढतात. त्या जगाने अध्यक्षीय भाषणांची प्रथा कधीच मोडीत काढलेली असते. लोक त्यांना खाली ओढू पाहतात आणि ते नाहीसे होतात. परत आपल्या जगात सापडतात तेव्हा बखर नसते, तिचे एक फाटके पान तेवढे खिशात राहिलेले असते.

आता पहिला आक्षेप. ही कथा पराभवाची सल जपणाऱ्या समाजाने स्वतःची घातलेली समजूत आहे, असे काही जण म्हणतात. पानिपत १४ जानेवारी १७६१ रोजी झाले, आणि आजही मराठी माणूस एखाद्या मोठ्या अपयशाला पानिपतच म्हणतो. अशा समाजाला एका शास्त्रज्ञाने, तेही केंब्रिजहून आलेल्या शास्त्रज्ञाने, विज्ञानाच्या नावाखाली विजय मिळवून दिला, असा हा आक्षेप आहे. कथेतला पाचवा खंड नीट वाचला की तो टिकत नाही. त्या खंडात लढाई जिंकल्याबरोबर सगळे आपोआप मार्गी लागलेले नाही. दादासाहेबांना, म्हणजे रघुनाथरावांना, राजकारणातून दूर ठेवावे लागले. युरोपात सुरू झालेल्या यंत्रयुगाचे महत्त्व पेशव्यांनी ओळखले आणि विज्ञान-तंत्रज्ञानाची आपली केंद्रे उभी केली. कंपनीने तज्ज्ञ आणि मदत देऊ केली तेव्हा ती घेतली, पण इथली केंद्रे स्वतःच्या पायावर उभी राहतील एवढ्यापुरतीच. आणि विसाव्या शतकात ती राजवट लोकशाहीत विसर्जित झाली. म्हणजे नारळीकरांनी विजयाला अटी घातल्या आहेत: भाऊबंदकी आवरणे, ज्ञानाची सोय करणे, आणि शेवटी सत्ता सोडणे. समजूत काढणारा लेखक असल्या अटी घालत नाही.

या अटींचे ऐतिहासिक वजनही तपासून पाहू. पानिपतनंतर मराठी सत्ता संपली नाही, हे शाळेतल्या इतिहासातही असते, पण आपण ते विसरतो. नानासाहेब पेशवे जून १७६१ मध्ये गेले, आणि त्यानंतरच्या अकरा वर्षांत थोरल्या माधवरावांनी निजाम आणि हैदर या दोघांनाही वठणीवर आणले. १७७१ मध्ये मराठे पुन्हा दिल्लीत होते आणि १७७२ मध्ये महादजी शिंद्यांनी शाह आलमला तख्तावर आणून बसवले. पानिपतची भरपाई जवळजवळ झाली होती. मोडले ते नंतर: नोव्हेंबर १७७२ मध्ये थेऊरला माधवराव क्षयाने गेले, ऑगस्ट १७७३ मध्ये शनिवारवाड्यात नारायणरावांचा खून झाला, आणि सत्तेसाठी रघुनाथराव इंग्रजांच्या दारात गेले. पर्यायी इतिहास मांडताना नारळीकरांनी दादासाहेबांना बाजूला सारले ते या कारणाने. लढाईच्या निकालाइतकाच किंवा त्याहून निर्णायक असा मुद्दा त्यांना घरातल्या कलहात दिसला होता. हा इतिहासाचा अभ्यास आहे; स्वप्नात असले तपशील येत नाहीत.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे, आणि तो इतिहासकारांचा आहे. एका गोळीने इतिहास वळतो ही कल्पनाच बालिश आहे, असे ते म्हणतील. त्र्यंबक शंकर शेजवलकरांचे 'पानिपत : १७६१' हे १९६१ साली मराठीत आलेले पुस्तक वाचलेल्या कोणालाही पराभवाची कारणे किती खोलवर गेली होती हे माहीत असते. ऑक्टोबर १७६० मध्ये मराठ्यांचे सेनापती सदाशिवरावभाऊंनी कुंजपुरा घेतले, पण त्याच महिन्यात अफगाण शासक अहमदशाह अब्दालीने बागपतजवळ यमुना ओलांडून मराठ्यांचा दक्षिणेकडचा मार्ग तोडला. पुढचे सुमारे अडीच महिने दोन सैन्ये पानिपतच्या मैदानावर समोरासमोर तळ देऊन बसली. डिसेंबरमध्ये बळवंतराव मेहेंदळे पडले. शत्रूची रसद तोडण्यासाठी आणि मराठ्यांना ती पुरवण्यासाठी धडपडणारे गोविंदपंत बुंदेले मारले गेले. तळावर लढवय्यांबरोबर बाजारबुणगे आणि यात्रेकरू होते. उत्तरेतले मित्र दुरावले होते. शुजाउद्दौला अब्दालीकडे गेला होता, सुरजमल जाट बाजूला झाला होता. १४ जानेवारीला सकाळी जे सैन्य बाहेर पडले ते उपासमारीने बाहेर पडले. इतक्या कारणांचा डोंगर समोर असताना निकाल विश्वासरावांच्या गोळीवर टाकणे म्हणजे कारणांचा अपमान करणे, असा हा युक्तिवाद.

याचे उत्तर कथेतच आहे, पण ते गणितात लपले असल्यामुळे सहज हाती लागत नाही. गंगाधरपंतांच्या डोक्यात धडकेच्या क्षणी कॅटॅस्ट्रॉफी थिअरी होती. फ्रेंच गणिती रने थॉम यांनी १९७२ च्या ग्रंथात मांडलेली ही उपपत्ती सांगते की एखादी व्यवस्था हळूहळू, सलगपणे बदलत असतानाही विशिष्ट जागी एका स्थितीतून दुसऱ्या स्थितीत एकदम उडी घेऊ शकते. पण ही उडी कुठेही होत नाही. ती ठराविक कडेपाशीच होते. कडेपासून दूर असलेल्या व्यवस्थेला कितीही टिचक्या मारा, ती जागच्या जागी परत येते. कडेशी आलेल्या व्यवस्थेला मात्र एक टिचकी पुरते. टेबलाच्या मधोमध ठेवलेल्या पेल्याला धक्का लागला तर तो हिंदकळतो, काठावर सरकवलेल्या पेल्याला लागला तर तो फुटतो. पेला काठावर कोणी आणला आणि शेवटचा धक्का कोणी दिला, हे दोन वेगळे प्रश्न आहेत आणि दोन्ही खरे आहेत. शेजवलकर पहिल्या प्रश्नाचे उत्तर देतात, गंगाधरपंत दुसऱ्याचे. उपासमार, तुटलेली रसद आणि दुरावलेले मित्र यांनी ते सैन्य कडेवर आणून ठेवले होते. तरीही त्या दिवशी दुपारपर्यंत लढाईचे पारडे मराठ्यांकडे झुकले होते, इब्राहिमखान गारद्याच्या पलटणींनी रोहिल्यांची दाणादाण उडवली होती, असे सगळीच वर्णने सांगतात. त्यानंतर विश्वासराव पडले, भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले, रिकामी अंबारी पाहून सैन्याने धीर सोडला, अब्दालीचे राखीव ताजे सैन्य मैदानात उतरले, होळकर निघून गेले. काही तासांत जिंकत आलेली फौज नाहीशी झाली. सावकाश झिजून हरलेले सैन्य असे हरत नाही. ही उडी होती. म्हणून दीर्घ कारणे आणि एक गोळी यांत निवड करायला सांगणे हाच प्रश्न चुकीचा आहे, आणि या कथेने ते इतिहासाच्या अनेक पुस्तकांपेक्षा स्पष्ट दाखवले आहे.

न्यायाने सांगायला हवे की कॅटॅस्ट्रॉफी थिअरीचे १९७० च्या दशकात फार कौतुक झाले. इंग्लंडमध्ये क्रिस्टोफर झीमन यांनी ती कुत्र्याच्या आक्रमकतेपासून तुरुंगातल्या दंगलींपर्यंत लावून पाहिली, आणि १९७७ मध्ये झाहलर आणि सुसमन यांनी अशा उपयोजनांवर कडक टीका केली. त्या टीकेत तथ्य होते. आकडे नसताना वक्र काढणे हे विज्ञान नव्हे. पण कथेत कोणी पानिपतचा वक्र काढलेला नाही. तिथे ही उपपत्ती विचारांना दिशा देण्यापुरती येते, आणि तेवढे तिचे काम ती चोख करते.

'असे झाले असते तर' हा विचारच इतिहासात बसत नाही, असे मानणारेही आहेत. ई. एच. कार यांनी १९६१ च्या 'व्हॉट इज हिस्टरी?' मध्ये या विचाराला जवळजवळ बैठकीतला खेळ ठरवले. पण कारण सांगणारा प्रत्येक इतिहासकार हा खेळ मनातल्या मनात खेळतच असतो. अमुक गोष्टीमुळे तमुक घडले, असे म्हणणे म्हणजे ती नसती तर हे घडले नसते असे म्हणणे. रॉबर्ट फोगेल यांनी १९६४ मध्ये रेल्वे नसती तर अमेरिकेच्या अर्थव्यवस्थेचे काय झाले असते हे मोजून दाखवले आणि रेल्वेचे महत्त्व समजतो त्यापेक्षा बरेच कमी होते असा निष्कर्ष काढला. १९९३ मध्ये त्यांना अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले. न घडलेल्या इतिहासाविषयी पुराव्याने बोलता येते, हे त्यांनी सिद्ध केले. प्रश्न विचारावा की नाही, हा वादाचा मुद्दा नाही. कोणत्या शिस्तीत विचारावा, हा आहे. आणि शिस्तीचा प्रश्न निघाला की आपण पुन्हा त्या फाटक्या पानाकडे येतो.

इथे विश्वनाथ काशिनाथ राजवाड्यांची आठवण होणे अपरिहार्य आहे. 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या त्यांच्या मालेचा पहिला खंड १८९८ साली निघाला, आणि त्यात पानिपतपर्यंतच्या दशकातली अस्सल पत्रे आहेत. बखरी म्हणजे इतिहास नव्हे, समकालीन पत्र म्हणजे इतिहासाचे साधन, हा धडा महाराष्ट्राला त्यांनी दिला. १९१० साली पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ निघाले ते याच धड्यावर. तर राजवाड्यांच्या अनुयायाने गंगाधरपंतांना विचारावे, तुम्ही परत आणलेत ते पत्र का नाही? बखरीचे पान घेऊन आलात, आणि बखर तर साक्षीदार म्हणून सर्वांत कच्ची. हा मला सर्वांत चांगला आक्षेप वाटतो. कथाकाराला तो सुचला होता. गंगाधरपंत बखरींना पुरावा म्हणून फारसे विचारात घेत नसत, त्यांना त्या मनोरंजक वाटत आणि रंगवलेल्या मजकुरात कधीतरी सत्याचा कण सापडे, असे कथेत सांगितलेच आहे. मग पुरावा म्हणून पान बखरीचेच का? माझे उत्तर असे. हे पान पानिपतावर काय घडले याचा पुरावा नाहीच. त्या मैदानावर गोळी लागली की चुकली, हे त्यावरून सिद्ध होत नाही. ते सिद्ध करते ते एवढेच की आपल्या जगात असलेल्या एका ग्रंथाची, आपल्या जगात नसलेली एक छापील प्रत अस्तित्वात आहे. मित्र राजेंद्र देशपांडे यांच्यासमोर गंगाधरपंत पान ठेवतात, आपल्या जगातली बखर शेजारी ठेवली जाते, आणि दोन्हींतला मजकूर ताडून पाहिला जातो. त्या क्षणापर्यंत राजेंद्र या सगळ्याला भ्रम समजत असतो. माणसाच्या शब्दावर तो विश्वास ठेवत नाही, आणि गंगाधरपंतही तशी अपेक्षा करत नाहीत. पुरावा कशाचा आहे आणि कशाचा नाही, हे इतके नेमके ओळखणे राजवाड्यांनाही मान्य झाले असते असे मला वाटते.

भौतिकशास्त्राच्या बाजूने येणारा आक्षेप मी मान्य करतो. राजेंद्र स्पष्टीकरण देतो ते पुंजयांत्रिकीतल्या अनिश्चिततेच्या आधारे: इलेक्ट्रॉन कुठल्या वाटेने जाईल याचे भाकीत करता येत नाही, शक्यतांची अनेक जगे मानता येतात, आणि एखाद्या संधिक्षणी माणूस एका जगातून दुसऱ्या जगात जाऊ शकेल. यातला पहिला भाग पाठ्यपुस्तकातला आहे, दुसरा भाग गंभीरपणे मांडला गेलेला पण वादग्रस्त अर्थ आहे, आणि तिसरा भाग निखळ कल्पना आहे. आजच्या कोणत्याही सिद्धान्तानुसार शाईने छापलेला कागद एका जगातून दुसऱ्या जगात येत नाही. पण कथेतल्या कल्पनेने आपली हद्द ओलांडली नाही. ती विज्ञान म्हणून विकली गेली नाही. आणि या लेखकाला काळाविषयी जे खरे विज्ञान करायचे होते ते त्याने दुसरीकडे, समीकरणांत केले होते. त्याची ओळख मराठी वाचकाला फार कमी आहे.

विद्युतचुंबकीय लहरींची मॅक्सवेल यांची समीकरणे भूत आणि भविष्य यांत भेद करत नाहीत. दिवा लावल्यावर प्रकाश नंतर पोचतो हे त्यांत बसते, आणि प्रकाश आधी पोचतो व दिवा नंतर लागतो हेही गणिताने तितकेच बसते. दुसरा पर्याय आपण टाकून देतो, कारण तो कधी दिसत नाही. पण तो का दिसत नाही? जॉन व्हीलर आणि रिचर्ड फाइनमन यांनी १९४५ मध्ये असे सुचवले की प्रत्येक विद्युतभाराला विश्वातले बाकीचे सगळे भार प्रतिसाद देतात, आणि त्या एकत्रित प्रतिसादातून काळाची एक दिशा उरते. मग १९६० च्या दशकाच्या आरंभी होगार्थ आणि त्यांच्यानंतर फ्रेड हॉइल व तरुण नारळीकर यांनी विचारले, हा प्रतिसाद देणारे विश्व कसे असले पाहिजे? प्रसरण पावणाऱ्या स्थिर-स्थिती विश्वात भविष्याकडे जाणारे उत्तर नीट मिळते, असा त्यांचा निष्कर्ष होता. १९६३ मध्ये कॉर्नेल विद्यापीठात काळाच्या स्वरूपावर एक परिषद भरली. हॉइल, बाँडी, व्हीलर, पेनरोज यांच्याबरोबर पंचविशीतले नारळीकर तिथे होते. पुढे छापलेल्या वृत्तान्तात एका सहभागीचे नाव केवळ 'मिस्टर एक्स' असे आहे, आणि ते फाइनमन होते हे आता सर्वांना माहीत आहे. खोलीतल्या दिव्याचा प्रकाश आधी न येता नंतर का येतो, याचे कारण साऱ्या विश्वाच्या रचनेत शोधणारा माणूस पुढे पानिपतच्या गोळीची कथा लिहितो, यात मला सलग विचार दिसतो. छोट्या घटनेचा अर्थ मोठ्या रचनेशिवाय लागत नाही, हा तो विचार.

याच ठिकाणी नारळीकरांवरचा एक जुना आक्षेप तपासावा लागेल. पुराव्याची शिस्त सांगणारा हा माणूस स्वतः स्थिर-स्थिती विश्वाला धरून राहिला. १९६५ मध्ये पेंझियास आणि विल्सन यांना सूक्ष्मलहरींचे पार्श्वप्रारण सापडल्याचे जाहीर झाले, बहुतेक शास्त्रज्ञ महास्फोटाकडे वळले. नारळीकर, हॉइल आणि बर्बिज मात्र १९९३ मध्ये स्थिर-स्थिती सिद्धान्ताची सुधारित आवृत्ती घेऊन पुन्हा उभे राहिले. बहुसंख्य विश्वरचनाशास्त्रज्ञांना ती पटली नाही, आणि पुरावा पाहता बहुसंख्यांचे बरोबर आहे असे मला वाटते. पण ही अडून राहण्याची रीत बघा. त्यांनी शोधनिबंध लिहिले, निरीक्षणांनी खोटी ठरू शकतील अशी भाकिते मांडली, विरोधकांच्या नियतकालिकांत वाद घातला. गंगाधरपंतांसारखे पान पुढे ठेवले आणि ताडून पाहा म्हटले. ते पान अपुरे निघाले असेल. पान ठेवण्याची रीत चुकीची नव्हती. अल्पमतात असणे आणि पुरावा टाळणे या दोन गोष्टी आपल्याकडे फार लवकर एकमेकींत मिसळल्या जातात.

पुरावा टाळणे म्हणजे काय, हे त्यांनी २००८ साली पुण्यात दाखवून दिले. काळावर हक्क सांगणारी आपल्याकडची सर्वांत मोठी विद्या फलज्योतिष आहे. जन्मवेळेवरून माणसाचे आयुष्य वाचता येते असा तिचा दावा. नारळीकर, सांख्यिकीचे प्राध्यापक सुधाकर कुंटे, डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि प्रकाश घाटपांडे यांनी एक साधी चाचणी आखली. हुशार मुलांच्या १०० आणि मतिमंद मुलांच्या १०० अशा २०० कुंडल्या जमवल्या, आणि कोणती कुंडली कोणत्या गटातली हे ओळखायला ज्योतिषांना सांगितले. ५१ जण तयार झाले, प्रत्येकाला ४० कुंडल्या दिल्या, २७ जणांची उत्तरे आली. बरोबर उत्तरांचे प्रमाण ४६ टक्के होते. नाणे उडवले तर ५० टक्के येते. एका संस्थेने सगळ्या २०० कुंडल्या पाहिल्या आणि १०२ बरोबर ओळखल्या. निष्कर्ष 'करंट सायन्स'मध्ये प्रसिद्ध झाला. कोणाची टिंगल न करता, कोणाला भोंदू न म्हणता केलेली ही चाचणी म्हणजे गंगाधरपंतांचीच पद्धत आहे: दावा ऐका, पान मागा, ताडून पाहा. आणि ज्या माणसाने १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला आपली पहिली विज्ञानकथा 'कृष्णविवर' नारायण विनायक जगताप या टोपणनावाने पाठवली, परीक्षकांनी नाव न पाहता केवळ कथा पाहावी म्हणून, त्याला नावे झाकून केलेल्या चाचणीचे मोल वेगळे सांगावे लागले नसेल.

वाङ्मयीन आक्षेपाला मी थोडक्यात उत्तर देतो. नारळीकरांची पात्रे सपाट आहेत, संवाद समजावून सांगण्यासाठी लिहिलेले आहेत, असे म्हटले जाते, आणि राजेंद्रच्या बाबतीत ते खरे आहे. गंगाधरपंतांच्या बाबतीत नाही. रिकामी खुर्ची पाहून व्यासपीठावर चढल्याशिवाय ज्याला राहवत नाही तो माणूस जिवंत आहे. महाराष्ट्रात व्याख्यानमालांची परंपरा जुनी आहे. पुण्यातली वसंत व्याख्यानमाला न्यायमूर्ती रानड्यांनी १८७५ मध्ये सुरू केली. त्या परंपरेत वाढलेला प्राध्यापक अध्यक्षांशिवाय सभा ही कल्पनाच सहन करू शकत नाही, आणि या एका सवयीपायी तो संपूर्ण पर्यायी जग हातचे घालवतो. ते जग अधिक समर्थ आहे, कदाचित अधिक न्याय्य आहे, आणि तिथे त्याला जागा नाही. लेखकाने आपल्या नायकाचा विजय होऊ दिलेला नाही. परत आल्यावर तो पानिपतच्या परिसंवादाचे अध्यक्षपद नाकारतो, कारण त्याचे हजारावे अध्यक्षीय भाषण आझाद मैदानावर अर्धवट राहूनच झाले आहे.

ही कथा आज देशभरातली मुले 'द ॲडव्हेंचर' या नावाने वाचतात. एनसीईआरटीच्या अकरावीच्या इंग्रजी पाठ्यपुस्तकात ती आली. तिथे ती समांतर विश्वाची गंमत म्हणून शिकवली जाते आणि परीक्षेत इलेक्ट्रॉनविषयी प्रश्न येतो. मराठी शिक्षकांना आणि ग्रंथपालांना माझी विनंती आहे की त्यांनी विद्यार्थ्यांना ती मराठीतून द्यावी, आणि एकटी देऊ नये. शेजारी राजवाड्यांचा पहिला खंड ठेवावा, शेजवलकरांचे पानिपत ठेवावे, भाऊसाहेबांची बखर ठेवावी, आणि शुजाउद्दौलाच्या पदरी असलेल्या काशिराजाने सुमारे १७८० मध्ये फार्सीत लिहिलेला वृत्तान्त भाषांतरातून ठेवावा. मग मुलांना सांगावे की विश्वासराव पडले तो प्रसंग या चारही ठिकाणी शोधा, कुठे काय वेगळे आहे ते लिहा, आणि कोणावर किती विश्वास ठेवायचा ते कारणांसह सांगा. या चारही ग्रंथांच्या प्रती महाराष्ट्रातल्या बऱ्याच जुन्या ग्रंथालयांत आहेत. त्या कपाटातून बाहेर काढायला कोणाच्या परवानगीची गरज नाही.